कोकणातले इस्राएल मुके नव्हते

गेले काही महिने मराठी गटांमधून एक संदेश फिरतो आहे. माझ्याकडे तो चार वेगवेगळ्या ओळखीच्यांकडून आला. त्याचं सार असं: ज्यूंचं साहित्य म्हणजे छळछावण्यांचं साहित्य. भारतात ज्यूंचा कधीच छळ झाला नाही, त्यामुळे इथल्या ज्यूंकडे लिहिण्यासारखं काही नव्हतं. कोकणातले शनवार तेली (शनिवारी घाणा बंद ठेवणारे तेली, म्हणजे इथले बेने इस्राएल ज्यू) आपल्यात इतके विरघळले की त्यांची वेगळी ओळखच उरली नाही. मराठीत त्यांनी काही लिहिलं नाही. एखादा कवी झाला तोही इंग्रजीत, म्हणजे आपल्या काय कामाचा? शेवटी सगळे इस्राएलला, आपल्या घरी गेले आणि प्रश्न मिटला.

लिहिणाऱ्याचा हेतू वाईट नसावा. आपल्या किनाऱ्याने कुणाला तरी आसरा दिला याचा अभिमान त्यात आहे, आणि त्या अभिमानाला आधारही आहे. पण कौतुकाच्या भरात त्याने एका अख्ख्या समाजाला मुकं करून टाकलं आहे. मी अलिबागेत वाढले. तिथे अजून इस्राएल आळी आहे, आळीत त्यांची मशीद आहे (सिनेगॉगला, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनास्थळाला, ते लोक मराठीत मशीदच म्हणत आले), म्हणून हे वाचून गप्प बसवलं नाही.

छळछावण्यांबद्दल जे लिहिलं गेलं ते वाचायलाच हवं, त्याबद्दल दुमत नाही. पण शोलेम अलेइखेम हा ज्यू लेखक १९१६ साली वारला आणि काफ्का हा दुसरा ज्यू लेखक १९२४ साली. दोघांच्या हयातीत त्या छावण्या नव्हत्या. त्याच्याही पुष्कळ आधी, सतराव्या शतकाच्या अखेरीस, जर्मनीतल्या ग्लिकल नावाच्या एका विधवेने यिद्दिश या युरोपातल्या ज्यूंच्या भाषेत आपल्या आठवणी लिहायला घेतल्या. व्यापारातली खोट, मुलींचे हुंडे, नवऱ्याचं मरण, रात्रीची झोप न येणं, हे सगळं तिने मुलांसाठी लिहून ठेवलं. बाराव्या शतकात स्पेनमध्ये येहुदा हलेवी हिब्रूत मद्यावर, प्रेमावर आणि दूरच्या झिओनवर, म्हणजे जेरुसलेमवर, कविता लिहीत होता. दुःख या साहित्यात आहेच, पण संसारही आहे, व्यवहार आहे, देवाशी भांडण आहे. साऱ्या परंपरेला एकाच दशकाच्या राखेत पुरून टाकणं बरोबर नाही.

आता छळाबद्दल. कोकणातल्या राजांनी, गावकऱ्यांनी बेने इस्राएलांना त्रास दिल्याचा इतिहास नाही, हे खरं. पण संदेशातले शब्द आहेत ‘भारतात कधीच नाही’, आणि ते गोव्यात येऊन अडतात. गार्सिया द ओर्ता हा पोर्तुगीज वैद्य १५३४ साली गोव्यात आला. त्याचे आईवडील स्पेनमधून हाकलले गेलेले ज्यू होते, पुढे पोर्तुगालमध्ये त्यांना सक्तीने ख्रिस्ती व्हावं लागलं. ओर्ताने अहमदनगरच्या बुऱ्हाण निजामशाहावर उपचार केले, इथल्या वनस्पतींचा अभ्यास केला आणि १५६३ साली गोव्यात आपलं पुस्तक छापलं. आंबा, विड्याचं पान, पटकीचा रोग, सगळं त्यात आहे, आणि आहे ते संवादाच्या रूपात. एक ओर्ता आणि एक रुआनो नावाचा पाहुणा एकमेकांना प्रश्न विचारत बसलेले. झाडांबद्दल इतकं मोकळेपणाने बोलणारा हा माणूस आपलं मूळ मात्र जन्मभर झाकून राहिला. १५६० साली गोव्यात इन्क्विझिशन, म्हणजे पाखंड्यांना शिक्षा देणारं चर्चचं न्यायालय, सुरू झालं होतं. ओर्ता १५६८ मध्ये गेला. पुढच्याच वर्षी त्याची बहीण कातारिना हिला गुप्तपणे ज्यू धर्म पाळल्याबद्दल गोव्यात जाळण्यात आलं. १५८० साली ओर्ताची हाडं थडग्यातून उकरून तीही जाळली. हे करणारे पोर्तुगीज होते, पण जमीन आपलीच होती. लपवावी लागलेली ओळख हाही ज्यू अनुभवच आहे, आणि त्याचं एक फार जुनं पुस्तक मांडवीच्या काठी छापलं गेलं.

‘विरघळले’ या शब्दाने मला सगळ्यात जास्त दुखावलं.

आमच्या शेजारी एक इस्राएल आजी राहायच्या. नऊवारी नेसायच्या, कपाळ मोकळं. वर्षातून एक दिवस, पावसाळ्यात, त्या कडक उपास करायच्या. विचारलं तर म्हणायच्या, “आज आमचा बिरड्याचा रोजा गं.” उपास सुटायचा तो वालाच्या बिरड्यावर. पुष्कळ वर्षांनी मला कळलं की तो जेरुसलेमचं देऊळ पडल्याच्या शोकाचा दिवस. जगभरचे ज्यू तो आव महिन्याच्या नवमीला पाळतात. देवळाचा विध्वंस आणि सोललेले वाल एकाच नावात बसलेले! त्यांचं नवं वर्ष म्हणजे ‘नव्याचा सण’. आणखी एक ‘खिरीचा सण’. नवस फेडायचा तर एलियाहू हन्नाबी या प्रेषिताच्या नावाने पोहे, नारळ, फळं घालून मलिदा करायचा. आता हे विरघळणं म्हणायचं का? साखर विरघळली की दिसत नाही. इथे तर शब्द मराठी, जिन्नस कोकणातले, आणि आत हजारो वर्षांची स्वतःची आठवण शाबूत. शनिवारी घाणा बंद ठेवायचा म्हणजे त्या दिवसाच्या कमाईवर पाणी सोडायचं. विरघळलेला माणूस हे कशाला करेल? गावाने त्यांना ‘शनवार तेली’ म्हटलं ते याच वेगळेपणामुळे. त्यांच्या पोटात गोरे आणि काळे इस्राएल असे भेदही होते, आणि मुंबईत आलेल्या बगदादी ज्यूंनी त्यांना बरोबरीचं मानायला खळखळ केली. इतकी गुंतागुंत असलेल्या समाजाकडे लिहिण्यासारखं काही नव्हतं, असं कोण म्हणेल?

त्यांची मूळ कथा ऐकून घ्या, कारण पुढचं सगळं तिच्यातून निघतं. नवगावच्या किनाऱ्याशी गलबत फुटलं, सात पुरुष आणि सात बाया वाचल्या. बुडालेल्यांना तिथेच मूठमाती दिली. सामानसुमान, धर्माची पुस्तकं, सगळं समुद्रात गेलं. आठवणीत राहिली ती ‘शेमा’ ही एक प्रार्थना. कथा किती जुनी, किती खरी, यावर विद्वान वाद घालतात, तो वाद मी इथे काढत नाही. मला त्यातलं एवढंच महत्त्वाचं वाटतं की आपण कोण हे सांगताना या लोकांनी पुस्तकं बुडाल्याचं सांगितलं. सोनंनाणं बुडालं असेल तर असेल, पण पिढ्यान्‌पिढ्या हळहळ राहिली ती पुस्तकांची.

आणि एकोणिसाव्या शतकात त्यांनी ती पुस्तकं पुन्हा मिळवली, मराठीतून. ‘मराठीत काही लिहिलं नाही’ हे संदेशातलं विधान म्हणूनच सर्वांत चुकीचं आहे. जॉन विल्सन या मिशनऱ्याने १८३२ साली हिब्रूचं व्याकरण मराठीत छापलं ते मुख्यतः याच समाजासाठी. मिशनऱ्यांचा हेतू धर्मांतराचा होता. इस्राएलांनी विद्या घेतली आणि धर्म आपलाच ठेवला. १८४६ साली मुंबईत वल्हांडणाच्या, म्हणजे मिसरातून सुटल्याच्या सणाच्या, रात्री वाचायची हग्गादा ही पोथी हिब्रू आणि मराठीत छापून निघाली. १८७४ साली पुण्यात आणखी एक निघाली, चित्रांसह. त्या चित्रांत बेखमीर भाकरी लाटणाऱ्या बायका साड्या नेसलेल्या आहेत. हे चित्र मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा बराच वेळ पान उलटवलं नाही. मिसर देशाच्या, म्हणजे इजिप्तच्या, गुलामगिरीतून सुटण्याची गोष्ट, आणि पोळपाटाशी बसलेल्या बाया आपल्यातल्या. ‘प्रत्येक पिढीतल्या माणसाने जणू आपण स्वतःच मिसरातून बाहेर पडलो असं मानावं’ असं हग्गादा सांगते. ते मानायला भाषा आपली लागते, आणि यांची ती मराठी होती.

जोसेफ इझिकेल राजपूरकर (१८३४–१९०५) यांचं नाव आपल्या वाङ्मयेतिहासात किती जणांना ठाऊक आहे? मुंबईत मुख्याध्यापकी करता करता या माणसाने हिब्रू प्रार्थनाग्रंथांची एकामागून एक भाषांतरं मराठीत केली. मुंबई विद्यापीठात ते हिब्रूचे परीक्षक होते. भाषांतर म्हणजे काही ‘लिहिणं’ नव्हे, असं कुणी म्हणेल. मग ज्ञानेश्वरीबद्दल काय म्हणायचं? संस्कृतातली गीता मराठीत आली तेव्हा मराठी समृद्ध झाली, आणि हिब्रूतली स्तोत्रं आली तेव्हा मात्र काहीच घडलं नाही, हा न्याय मला मान्य नाही.

शिवाय भाषांतरावर ते थांबलेही नाहीत. १८८० च्या सुमारास बेने इस्राएलांनी कीर्तन आपलंसं केलं. हरिदासांची कीर्तनं ऐकलेल्या या मंडळींना वाटलं, हे आपल्या गोष्टींसाठीही चालेल. बेंजामिन शिमशोन अष्टमकर हे त्यातले एक अग्रणी. अब्राहाम, योसेफ, मोशे यांची चरित्रं ओवी, साकी, दिंडीत उभी राहिली. योसेफाला भावांनी विहिरीत टाकलं आणि परदेशी विकलं, ती कथा साकीच्या चालीत गायली जायची आणि लुगड्याच्या पदराने डोळे पुसले जायचे. याला मी मराठी साहित्य म्हणते. नामदेव-तुकारामांच्या वाटेवर आलेले हे एक वेगळे वारकरी, ज्यांचं पंढरपूर जेरुसलेम होतं. कीर्तन हा प्रकार किती लवचीक आहे हे कुणाला दाखवायचं असेल तर याहून चांगला पुरावा मला सुचत नाही. तरी कीर्तनपरंपरेवरच्या व्याख्यानांत मी हा उल्लेख एकदाही ऐकलेला नाही.

हाइम सॅम्युएल केहिमकरांची गोष्टही इथलीच. त्यांनी आपल्या समाजाचा इतिहास १८९७ मध्ये इंग्रजीत लिहून पूर्ण केला. छापला गेला तो १९३७ साली, तेल अवीवमध्ये, त्यांच्या मृत्यूनंतर कितीतरी वर्षांनी. बिरड्याच्या रोजासारखी नावं आज आपल्याला अर्थासह कळतात ती बरीचशी त्यांच्यामुळे.

राहिला इंग्रजीतला कवी, म्हणजे निस्सीम इझिकेल (१९२४–२००४). वडील विल्सन कॉलेजात वनस्पतिशास्त्राचे प्राध्यापक, घराणं मूळचं कोकणचं. आपल्या पार्श्वभूमीवरच्या त्यांच्या प्रसिद्ध कवितेत रोमन कॅथलिक शाळेतला एक बारकासा ज्यू मुलगा आहे. ख्रिस्ताला तू मारलंस, असं त्याला वर्गातली मुलं सांगतात. दुसरा एक मुलगा कानशिलात देतो. पूर्वज आठवतात ते जातींच्या गर्दीत परके, पोटासाठी बिया गाळणारे, म्हणजे आपले शनवार तेलीच. कवी लंडनला जातो, मालवाहू जहाजावर काम करत परततो आणि शेवटी ठरवतो की आपण जिथे आहोत तिथेच राहायचं. छावणी नाही, कत्तल नाही, तरीही ‘तू नक्की कोण’ हा प्रश्न त्या मुलाच्या मागे शाळेपासून आहे. भारतीय ज्यूंकडे सांगण्यासारखं काय होतं, याचं हे उत्तर आहे. आणि ‘आपल्या काय कामाचा’ असं म्हणणाऱ्यांसाठी आणखी एक गोष्ट. याच इझिकेलांनी वृंदा नाबर यांच्यासोबत इंदिरा संतांच्या कविता इंग्रजीत नेल्या. साहित्य अकादमीने त्यांना १९८३ साली गौरवलं, आणि २०१० साली याच समाजातल्या कादंबरीकार एस्थर डेव्हिड यांना. डेव्हिड यांच्या त्या गौरवलेल्या कादंबरीत कोकणातल्या एका गावात मागे राहिलेली म्हातारी ओस पडलेलं सिनेगॉग सांभाळते आहे. हिंदीतही मीरा महादेवन आणि शीला रोहेकर या बेने इस्राएल लेखिकांनी आपल्या समाजावर कादंबऱ्या लिहिल्या. ‘एखादा कवी’ इथेच खोटा ठरतो.

शेवटचं विधान, घरी गेले आणि प्रश्न मिटला. गेलेल्यांतले काही जण १९५१ साली तिथे धरणं धरून बसले होते, आम्हाला भारतात परत पाठवा म्हणून, आणि त्यांतले काही परत आलेही. १९६२ मध्ये तिथल्या मुख्य रब्बींच्या, म्हणजे ज्यू धर्मगुरूंच्या, कार्यालयाने फतवा काढला की बेने इस्राएलांचं लग्न लावण्याआधी त्यांच्या आईकडच्या पिढ्या तपासाव्यात. ज्यांनी दोन हजार वर्षं शनिवारी घाणा बंद ठेवल्याचं सांगितलं, त्यांना विचारलं गेलं, तुम्ही खरे ज्यू कशावरून? १९६४ साली जेरुसलेममध्ये पुन्हा धरणं झाली, संसदेत ठराव झाला आणि पंतप्रधान लेव्ही एश्कोल यांच्या सरकारने ते सर्वार्थाने ज्यू असल्याचं जाहीर केलं, तेव्हा कुठे ते प्रकरण निवळलं. कोकणात ते शनवार तेली होते, तिथे ‘होदी’ म्हणजे हिंदी झाले. ओळखीचा प्रश्न समुद्र ओलांडून त्यांच्यासोबतच गेला.

तिथे गेल्यावरही त्यांनी मराठीत एक नियतकालिक काढलं, कविता, आठवणी, पाककृती, श्रद्धांजल्या यांचं. मुलं-नातवंडं हिब्रू बोलणार, हे माहीत असताना काढलं. त्याचं नाव त्यांनी ठेवलं ‘मायबोली’.