एडवर्ड म्हणजे कोण?

भाचीला ब्रिस्टलला मुलगा झाला. तिचा नवरा तिकडचाच, इंग्रज. त्याच्या आजोबांचं नाव एडवर्ड होतं, म्हणून बाळाचंही एडवर्ड. फोटोबरोबर नाव घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर आलं आणि पाच मिनिटांत कुणीतरी कुठल्याशा साइटवरून अर्थ शोधून टाकला, 'संपत्तीचा रक्षक'. लगेच 'म्हणजे कुबेरच की', 'घरात लक्ष्मी आली' असं सुरू झालं. एक काका मात्र घुश्शातच होते. "आपलं एखादं नाव ठेवायला काय झालं होतं? एड, एड म्हणतील त्याला. सुट्टीत इथे आला की पोरं येडा करून टाकतील." त्यानंतर ग्रुप एकदम शांत झाला.

काकांचा राग मला कळतो. पणतवंड झालं आणि त्याचं नाव तोंडात बसत नाही, याचं वाईट वाटतंच. पण मला जास्त खटकला तो अर्थ. आपण हल्ली प्रत्येक नावाला पहिला प्रश्न हाच विचारतो, की अर्थ काय. साइटवर एका ओळीत उत्तर मिळतं आणि आपलं समाधान होतं. माझं म्हणणं असं आहे, की नाव कळायचं असेल तर ते कोणाचं होतं आणि कोणी जपलं, हे आधी विचारावं. एडवर्डच्या बाबतीत तर हे शंभर टक्के खरं आहे. म्हणून एवढं लांबलचक लिहितेय.

आधी अर्थाचं बोलू, कारण त्यातही गंमत आहे. माझी आई केईएममध्ये नर्स होती. परळच्या त्या इमारतीत तिचं उभं आयुष्य गेलं. आमच्या घरात 'वॉर्ड' हा शब्द मीठ-साखरेइतका रोजचा. वॉर्डात रात्रपाळी, वॉर्डातली बाई, वॉर्डबॉय. आता बघा, एडवर्ड हे जुन्या इंग्रजीतलं जोडनाव. पहिला भाग 'एआद', म्हणजे संपत्ती, भाग्य, सुखाची स्थिती. दुसरा 'वेआर्द', म्हणजे राखणारा. आपण हॉस्पिटलात म्हणतो तो वॉर्ड याच 'वेआर्द'च्या घरातला. मूळ भाव पहाऱ्याचा, सांभाळण्याचा. आपला 'गार्ड' हाही त्याचाच भाऊबंद, फक्त फ्रेंचमधून फिरून आला म्हणून वेगळा दिसतो. आणि सगळ्यात सुंदर म्हणजे 'लॉर्ड'. तो मुळात 'ह्लाफ-वेआर्द', भाकरी राखणारा. ज्याच्या हातात घराची भाकरी, तो धनी. हे मी आईला सांगितलं तेव्हा ती म्हणाली, "बरोबर आहे. वॉर्ड म्हणजे सांभाळायचंच की."

पण म्हणून एडवर्डचा अर्थ 'संपत्तीचा रक्षक' असा आहे का? माझ्या मते नाही. हजार-बाराशे वर्षांपूर्वीचे ते इंग्रज नाव ठेवताना वाक्य बनवत नव्हते. त्यांच्याकडे शुभ मानलेल्या शब्दांचा एक साठा होता. भाग्य, रक्षण, भाला, मित्र, लांडगा, दगड, युद्ध, शांती. त्यातले दोन घेऊन जोडायचे. 'एआद'ला भाला जोडला की एडगर, मित्र जोडला की एडविन, रक्षण जोडलं की एडमंड. मुलगी असेल आणि युद्ध जोडलं तर एडिथ. विगफ्रिथ नावाचा एक माणूस होऊन गेला, त्याच्या नावात युद्ध आणि शांती शेजारीशेजारी बसलेत. याचा अर्थ काय लावायचा? वूस्टरचे बिशप वुल्फस्टन यांचं नाव शब्दशः लावलं तर 'लांडगा-दगड'. पण ते तसं का पडलं तर आईचं नाव वुल्फगिफू, वडिलांचं एथेलस्टन. आईकडून पुढचा तुकडा घेतला, वडिलांकडून मागचा. त्या काळी नाव ऐकलं की लेकरू कोणाचं ते समजायचं. घराणं ऐकू येत होतं, अर्थ नंतर. वेसेक्सच्या राजघराण्यात हा 'एड' पिढ्यान्‌पिढ्या फिरला. आल्फ्रेड राजाचा मुलगा एडवर्ड, त्याची मुलं एडमंड आणि एड्रेड.

मग १०६६ साल आलं. फ्रान्सच्या किनाऱ्यावरच्या नॉर्मंडीच्या विल्यमने हेस्टिंग्जची लढाई जिंकली आणि इंग्लंडचं राज्य घेतलं. राज्य गेलं, जमिनी गेल्या, हे शाळेच्या पुस्तकात असतं. नावं गेली, हे फारसं कोणी सांगत नाही. शंभर-दीडशे वर्षांत इंग्रज घरांतून लिओफ्रिक, गॉडविन, वुल्फस्टन जवळजवळ पुसले गेले आणि घरोघरी विल्यम, रॉबर्ट, रिचर्ड दिसू लागले. आज आपल्याला हीच नावं पक्की इंग्रज वाटतात. ती जिंकणाऱ्यांनी आणलेली आहेत.

ऑर्डेरिक नावाचा एक मुलगा होता. १०७५ साली श्रूजबरीजवळ जन्मला. आई इंग्रज. दहाव्या वर्षी बापाने त्याला समुद्रापलीकडे नॉर्मंडीतल्या मठात पाठवलं. तिथल्या लोकांच्या कानाला त्याचं नाव राठ लागलं, म्हणून त्याला व्हिटालिस हे नवं नाव दिलं. पुढे तो मोठा इतिहासकार झाला आणि ही गोष्ट त्याने स्वतःच लिहून ठेवली. भाषा येत नाही, ओळखीचं कोणी नाही आणि नावही काढून घेतलेलं. दहा वर्षांचं पोर हो.

दुसरी एक राजकन्या, एडिथ. जुन्या इंग्रज राजघराण्याच्या रक्ताची. ११०० साली तिचं लग्न विल्यमच्या मुलाशी, पहिल्या हेन्रीशी झालं आणि ती मॅटिल्डा झाली. तरीही दरबारातले नॉर्मन सरदार राजा-राणीला पाठीमागे 'गॉड्रिक आणि गॉडगिफू' म्हणून हिणवायचे. खास इंग्रज नावं, आणि तीच शिवी झाली होती.

एडिथचं वाचताना मी थांबले. ताटातल्या तांदळात अंगठीने नवं नाव लिहायचं, ही आपल्याकडची रीत. माझ्या आईचंही असंच बदललं. तिचं माहेरचं नाव वेगळं होतं. त्या नावाने हाक मारणारं आता कोणीच उरलेलं नाही. शेवटची तिची थोरली बहीण होती. नाव पुसलं जाणं म्हणजे काय, हे समजायला मला इंग्लंडला जावं लागत नाही.

तर एवढ्या वादळात एडवर्ड कसा वाचला? एका माणसामुळे. हेस्टिंग्जच्या आधीचा राजा एडवर्ड, ज्याला पुढे 'कन्फेसर' म्हणू लागले. तो काही पराक्रमी नव्हता. तारुण्याची जवळपास पंचवीस वर्षं आईच्या माहेरी, नॉर्मंडीत परागंदा काढलेली. १०४२ मध्ये राजा झाला. मूलबाळ झालं नाही. वेस्टमिन्स्टरला मोठं चर्च उभारायला घेतलं, २८ डिसेंबर १०६५ ला ते अर्पण झालं तेव्हा हा इतका आजारी, की स्वतः जाऊ शकला नाही. आठवड्याभरात गेला. गादीला वारस नव्हता, त्यातून तर पुढची लढाई झाली.

विल्यमचं म्हणणं होतं, की एडवर्डने राज्य मलाच द्यायचं कबूल केलं होतं. त्यामुळे बाकी इंग्रज नावं तुच्छ ठरली तरी या एका नावाचा मान ठेवणं त्याला भाग होतं. १०८६ ची ती प्रसिद्ध जमीनमोजणी, डूम्सडे बुक. त्यात गावागावापुढे नोंद असते, 'एडवर्ड राजाच्या काळात' ही जमीन कोणाकडे होती, आता कोणाकडे आहे. आपल्या फेरफारासारखंच. लॅटिनमधले हे शब्द इतक्या वेळा लिहावे लागले, की कारकुनांनी त्यांची तीन अक्षरं केली, टी आर ई. गेलेल्या चांगल्या दिवसांची खूण त्या तीन अक्षरांत राहिली. ११६१ मध्ये पोपने एडवर्डला संत जाहीर केलं.

तरीसुद्धा राजवाड्यात एडवर्ड नावाचं मूल काही आलं नाही. विल्यम, हेन्री, रिचर्ड, जॉन हेच चालू. मग तिसरा हेन्री आला. त्याची या संतावर जीव ओवाळून टाकावा अशी भक्ती. १२३९ मध्ये त्याला पहिला मुलगा झाला आणि त्याने नाव ठेवलं एडवर्ड. दुसऱ्याचं एडमंड, तोही जुना इंग्रज संत-राजा. दरबारातल्या फ्रेंच बोलणाऱ्या मंडळींना ती नावं किती जुनाट वाटली असतील! आपल्याकडे आज कोणी मुलाचं नाव गोविंदपंत ठेवावं तसं. पण बापाने ठेवलं. तो मुलगा १२७२ मध्ये गादीवर आला. त्याच्यामागे त्याचा मुलगा एडवर्ड, त्याच्यामागे नातू एडवर्ड. सलग १०५ वर्षं इंग्लंडचा राजा एडवर्डच. मग काय, राजाचं नाव म्हणून शेतकऱ्या-सुतारांच्या घरीही ते पुन्हा आलं. मला हे फार मोठं वाटतं. राज्यं परत मिळवलेली पुष्कळ सापडतील. पुसत चाललेलं नाव एका बापाने श्रद्धेपोटी परत आणलं, असं क्वचितच दिसतं.

हे सगळं गोडच आहे असं मात्र नाही. त्या सौम्य संताचं नाव मिळालेला पहिला एडवर्ड अतिशय कठोर निघाला. वेल्स चिरडलं, स्कॉटलंडवर स्वाऱ्या केल्या. १२९० मध्ये इंग्लंडमधल्या सगळ्या ज्यूंना देशाबाहेर घालवलं. हाही इतिहास नावाला चिकटलेला आहे. बाळाला मोठेपणी हेही सांगायला हवं.

काकांना 'परकं नाव' वाटतं, त्यांच्यासाठी एक गोष्ट. हे नाव आपल्या किनाऱ्यावर इंग्रजांच्याही आधी आलंय. तिसऱ्या एडवर्डची नात फिलिपा १३८७ मध्ये पोर्तुगालच्या राजाला दिली. तिने आपल्या मुलाचं नाव आजोबांवरून ठेवलं. पोर्तुगीज तोंडात त्याचं झालं दुआर्त. हा मुलगा पुढे पोर्तुगालचा राजा झाला. मग दुआर्त तिकडे घरोघरी झाले आणि जहाजांतून इकडे आले. चौल, दाभोळ बंदरांचं सोळाव्या शतकाच्या सुरुवातीचं वर्णन करणारा दुआर्त बार्बोझा त्यांतलाच. १५२२ ते १५२४ गोव्यात गव्हर्नर होता तोही दुआर्त, दुआर्त द मेनेझिस. याच नावाचं दुसरं रूप एदुआर्दो. गोव्याचे एदुआर्दो फालेरो केंद्रात मंत्री होते, हे काकांना नक्की आठवत असेल. तेव्हा नाही कोणाला परकं वाटलं.

आणि आईचं केईएम. किंग एडवर्ड मेमोरियल. हा सातवा एडवर्ड. याचं खरं नाव अल्बर्ट एडवर्ड, घरात बर्टी. आईची, म्हणजे व्हिक्टोरिया राणीची इच्छा होती की दोन्ही नावं लावावीत. १९०१ मध्ये गादीवर बसताना तो म्हणाला, अल्बर्ट हे नाव माझ्या वडिलांचंच राहू दे, मी एडवर्ड. राजपुत्र असताना, १८७५ मध्ये तो मुंबईला येऊन गेला होता. त्या भेटीची आठवण म्हणून सॅसूनशेटने त्याचा घोड्यावरचा पुतळा बसवला, तोच आपला काळा घोडा. १९६५ मध्ये पुतळा हलवला, आता तो भायखळ्याच्या राणीच्या बागेशेजारी, भाऊ दाजी लाड संग्रहालयाच्या आवारात आहे. मुंबईकरांनी जागेला राजाचं नाव कधी दिलंच नाही, घोड्याचं दिलं. १९१० मध्ये तो वारला, त्याच्या स्मरणार्थ उभं राहिलेलं परळचं हॉस्पिटल १९२६ मध्ये सुरू झालं. त्याला जोडलेल्या मेडिकल कॉलेजसाठी सेठ गोर्धनदास सुंदरदास यांच्या वारसांनी देणगी देताना अट घातली होती, की शिकवणारे सगळे भारतीय हवेत. पाटीवर इंग्रज राजा आणि आत आपले डॉक्टर. मला विचाराल तर या नावाचा सगळ्यात चांगला वापर जगात कुठे झाला असेल तर तो परळला. 'वेआर्द' म्हणजे सांभाळणं, ते तिथे रोज चालतं, रात्रपाळीलासुद्धा.

आईने इतकी वर्षं तिथे काढली, पण मधल्या 'ई'चा विचार तिने कधी केला नव्हता. परवा सांगितलं तर थोडा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, "म्हणजे पणतू माझ्याच हॉस्पिटलचा निघाला."

राहिला काकांचा 'येडा'. एडवर्डला घरात नेड म्हणायची जुनी पद्धत आहे. हा 'न' आला कुठून? पूर्वी 'माझा' याला स्वरापुढे 'माइन' म्हणायचे. 'माइन एड', 'माइन एड' असं लाडाने म्हणता म्हणता न पुढे सरकला आणि 'माय नेड' झालं. म्हणजे नेड या हाकेत 'माझा' या शब्दाचा एक तुकडा कायमचा राहिलेला आहे. हे ग्रुपवर टाकलं तेव्हा काकांनी पहिल्यांदा अंगठा दिला. नंतर खाली लिहिलं, "नेड चालेल."

बारसं पुढच्या रविवारी, ब्रिस्टललाच. पाळणा भाचीने सजवलाय. आपल्यात कानात नाव सांगायचा मान आत्याचा, आणि या बाळाची आत्या तिकडची, मराठीचा गंध नसलेली. काल व्हिडिओ कॉलवर आईने तिच्याकडून 'कुर्रर्र' घोटून घेतलं. तिला तो 'र' काही जमेना, दहा-बारा वेळा केलं तेव्हा बसला. मग आईने पाठीत धपाटे बसतात तेही सांगितलं. भाचीने भाषांतर केलं. ती बिचारी घाबरून विचारते, किती?

आई म्हणाली, "मोजायचे नसतात गं."