‘जागा माझी, कॅमेरा माझा’ एवढ्याने भागत नाही

होमस्टेवाले, काजू कारखानदार आणि ट्रान्सपोर्टवाले यांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपांवर एक मेसेज फिरतोय. थोडक्यात असा: “जागा आपली, मोबाईल आपला, पगार आपला. कामगारावर हवी तशी नजर ठेवा. प्रायव्हसीचा हक्क फक्त सरकारविरुद्ध असतो. जॉइनिंगच्या वेळी एक सही घ्या, विषय संपला. नवा डेटा कायदा मोठ्या कंपन्यांसाठी आहे. आणि चोरून केलेलं रेकॉर्डिंगही कोर्ट पुरावा म्हणून घेतं.”

जवळजवळ प्रत्येक वाक्यात थोडं थोडं खरं आहे, म्हणून तर तो मेसेज पटतो.

मालकाच्या बाजूचं खरं आधी मांडतो. गल्ल्यावर, गोदामात, काजूगर निवडायच्या टेबलावर कॅमेरा लावला तर त्यात वावगं काही नाही. चोऱ्या होतात, अपघात होतात. धंद्याच्या ईमेलवर कोणाला काय जातंय हेही मालकाने बघावं. 2023 च्या डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायद्याचं कलम 7 तर नोकरीच्या कारणासाठी आणि मालकाचं नुकसान टाळण्यासाठी कामगाराची माहिती संमतीशिवायही वापरू देतं. मला विचाराल तर या कलमाने मालकाला जरा जास्तच झुकतं माप दिलंय. पण ‘नोकरीच्या कारणासाठी’ ही अट त्यातही आहे, आणि मेसेज नेमकी तीच गाळतो.

आता ‘जागा आपली’. मासळी प्रक्रियेच्या कारखान्यात बायका सकाळी येतात, घरचे कपडे खुंटीला लावतात आणि एप्रन, टोपी, गमबूट चढवून कोळंबी सोलायला बसतात. कपडे बदलायची ती खोली मालकाचीच असते, तिचं वीजबिलही तोच भरतो. म्हणून तिथे ‘चोरी पकडायला’ कॅमेरा लावता येतो का? माहिती तंत्रज्ञान कायद्याचं कलम 66-ई आणि भारतीय न्याय संहितेचं कलम 77 जागेचा सातबारा बघत नाहीत. आतल्या कपड्यांवर असलेल्या बाईचं चित्रण झालं, तर पहिल्याच गुन्ह्याला तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. ‘फुटेज कोणी बघत नाही’ हा बचाव होत नाही, कारण टिपणं हाच गुन्हा आहे.

‘मोबाईल आपला’ हे तर बऱ्याचदा खरंच नसतं. हापूसच्या मोसमात रात्री पेट्या भरून गाडी वाशी मार्केटला निघते. नाशवंत माल, त्यात घाट, त्यात मुंबई-गोवा हायवेचं ते न संपणारं काम. गाडी कुठे अडकलीय हे मालकाला कळायलाच हवं. त्यासाठी गाडीला जीपीएस लावा, कोण नको म्हणतंय? पण पाचदहा हजार वाचवायला लोकेशनचं अ‍ॅप टाकलं जातं ते ड्रायव्हरच्या स्वतःच्या फोनमध्ये. मग सुट्टीच्या दिवशी तो सासुरवाडीला गेला की दवाखान्यात, तेही मालकाला दिसतं. त्याच्या नकळत फोनमध्ये शिरून माहिती काढली, तर माहिती तंत्रज्ञान कायद्याची 43 आणि 66 ही कलमं लागू शकतात.

रिसॉर्टच्या रिसेप्शनवरचा कॉम्प्युटर मात्र मालकाचा असतो. तिथे काम करणाऱ्या मुलीचं व्हॉट्सअ‍ॅप वेब उघडं राहिलं आणि मालक तिचे घरचे मेसेज वाचत बसला, तर? न्याय संहितेच्या कलम 78 मध्ये पाठलागाच्या व्याख्येतच स्त्रीच्या इंटरनेट, ईमेल आणि इतर इलेक्ट्रॉनिक संवादावर पुरुषाने पाळत ठेवणं येतं. वाजवी कारणाला अपवाद आहे, पण ते कारण मालकाने दाखवायचं. बुकिंगचे ईमेल तपासले हे वाजवी ठरेल. तिच्या आईचे मेसेज वाचले हे कसं ठरणार?

प्रायव्हसी फक्त सरकारविरुद्ध, हे वाक्य जुनं झालं. 24 ऑगस्ट 2017 ला पुट्टस्वामी खटल्यात सुप्रीम कोर्टाच्या नऊ न्यायमूर्तींनी खासगीपणा हा राज्यघटनेच्या कलम 21 खालचा मूलभूत हक्क ठरवला. पुढे 3 जानेवारी 2023 ला कौशल किशोर खटल्यात घटनापीठाने बहुमताने सांगितलं, की कलम 19 आणि 21 चे हक्क खासगी व्यक्तींविरुद्धही बजावता येतात. याचा अर्थ उद्या प्रत्येक आचारी हायकोर्टात जाईल असा नाही. पण मुंबईत बसून तारकर्लीच्या किचनमधला माइकवाला कॅमेरा कानाला लावणाऱ्या चाकरमानी मालकाने हे ध्यानात ठेवावं. पातेल्यात तेल किती ओतलं हे दिसायला चित्र पुरतं. बायका आपसात दुखण्याखुपण्याचं काय बोलतात ते ऐकायचं काय कारण?

सहीचं बघू. अंगठ्याची हजेरी म्हणजे बायोमेट्रिक माहिती. माहिती तंत्रज्ञान कायद्याखालच्या 2011 च्या नियमांनुसार ती संवेदनशील माहिती आहे आणि कशासाठी घेतोय ते सांगून लेखी संमती घ्यावी लागते. म्हणजे सही लागतेच, पण त्या एका कारणापुरती. ‘काहीही बघा, कसंही वापरा’ असल्या कोऱ्या चेकला ती चालत नाही. 1986 च्या ब्रोजोनाथ गांगुली खटल्यात सुप्रीम कोर्टाने गरजवंताच्या गळ्यात मारलेली नोकरीच्या करारातली अन्याय्य कलमं रद्दबातल ठरवली होती. 1991 मध्ये नीरा माथुर प्रकरणात एलआयसीच्या फॉर्ममध्ये पाळी आणि गरोदरपणाबद्दल प्रश्न होते. माथुर यांनी फॉर्म भरला होता, त्यातली माहिती चुकीची निघाली म्हणून नोकरी गेली. कोर्टाने नोकरी परत दिली आणि ते रकानेच काढायला लावले.

‘मोठ्या कंपन्यांसाठी’ हे साफ चूक. डेटा कायद्यात कामगारसंख्येची अट नाही. त्याचे नियम नोव्हेंबर 2025 मध्ये आले आणि मालकावरच्या मुख्य जबाबदाऱ्या त्यानंतर 18 महिन्यांनी लागू होतील. तोवर मोकळं रान आहे असं कोणी समजू नये. आज लागू असलेल्या माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम 43-ए मध्ये एकट्याच्या मालकीचा धंदाही येतो. हजेरीच्या मशीनमधली माहिती हलगर्जीपणामुळे फुटून कामगाराचं नुकसान झालं, तर भरपाई चार खोल्यांच्या होमस्टेवाल्यालाही द्यावी लागू शकते.

राहता राहिलं रेकॉर्डिंग. कोर्ट पुरावा घेतं हे खरं, आणि त्यासाठी हमखास सुप्रीम कोर्टाच्या 1972 च्या मलकानी खटल्याचं नाव निघतं. तिथे फोनवर बोलणाऱ्या दोघांपैकी एकाच्या संमतीने पोलिसांनी बोलणं टिपलं होतं. कामगार त्याच्या भावाशी बोलतोय आणि मालक तिसराच, तर संमती कोणाची? 2023 च्या दूरसंचार कायद्याच्या कलम 42 नुसार बेकायदा संदेश टिपणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद, दोन कोटींपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतं. पुरावा म्हणून ते रेकॉर्डिंग स्वीकारलं गेलं, तरी हा गुन्हा त्यामुळे माफ होत नाही.