भोक दिसलं म्हणजे किडा गेला

लाकडी सामानाला भुंगा लागल्याचं कुणी म्हटलं, की एक निरोप हमखास पुढे ढकलला जातो: ‘सिरिंजने प्रत्येक भोकात रॉकेल सोडा, दोन दिवस उन्हात ठेवा, भोकं मेणाने बुजवा, वर पॉलिश मारा. कीड कायमची जाते.’ चार सूचना. कामाची एकच, तीसुद्धा भलत्याच कारणासाठी.

आधी रॉकेल. ते दीड-दोन मिलिमीटरचं गोल भोक किड्याच्या आत शिरण्याचं नसतं, बाहेर पडण्याचं असतं. मादी अंडी घालते ती उघड्या लाकडाच्या फटीत, सांध्यात. अळी आत शिरून जातीप्रमाणे वर्षभर, कधी तीन-चार वर्षं पोखरत राहते आणि भुंगा होऊन उडून जाते. म्हणजे भोकात रॉकेल सोडणं हे वरातीमागून घोडं. मागे राहिलेल्या अळ्या भुशाने ठासलेल्या बोगद्यांत असतात, तिथवर ते धड पोचतच नाही. बोगदे एकमेकांना जोडलेले असले, तर जोराने दाबलेली पिचकारी दुसऱ्या भोकातून थेट डोळ्यात येते. आणि पेट घेणारं तेल कपाटात मुरवायचं, हा कुठला उपाय?

ऊन? अळी मरायला लाकडाचा गाभा साधारण ५५ अंशांवर तासभर राहावा लागतो. उन्हात पृष्ठभाग चटके देतो, जाड पाय आत त्या मानाने थंडच. व्हिनियर, म्हणजे वर चिकटवलेला लाकडाचा पातळ थर, मात्र सुटू शकतं.

पॉलिश अंडी घालायला अटकाव करतं, हे खरं. पण आतल्या अळीला त्याचं काही नाही. भुंगा पॉलिश फोडून बाहेर येतो.

मग करायचं काय? बोरॅक्स-बोरिक अ‍ॅसिडचं द्रावण पॉलिश नसलेल्या बाजूंना, म्हणजे पाठीला, बुडाला, खणांच्या तळाला, दोन-तीनदा लावा. पॉलिशवरून ते मुरत नाही, तिथे आधी घासावं लागतं. छोटी वस्तू प्लास्टिकमध्ये घट्ट गुंडाळून उणे १८ अंशांच्या फ्रीझरमध्ये दोन आठवडे ठेवा. बाहेर काढल्यावर लगेच उघडू नका, दव धरतं.

राहिलं मेण. ते जरूर भरा, पण खूण म्हणून. तारीख लिहून ठेवा. पुढच्या वर्षी नवं भोक दिसलं, तर कीड जिवंत आहे. नुसता भुसा पडला म्हणून धास्तावू नका. कपाट सरकवलं की जुन्या बोगद्यांतलाही सांडतो.