जोशी-अभ्यंकर म्हटलं की जक्कलच का आठवतो?

दर थोड्या दिवसांनी पुण्यातल्या 1976-77 च्या जोशी-अभ्यंकर खून प्रकरणावर (राजेंद्र जक्कल आणि त्याच्या तीन साथीदारांनी दहा जणांना मारलं ते) कुणीतरी नवीन व्हिडिओ टाकतंच. मागे ढॅणढॅण म्युझिक, थंबनेलला जक्कल, आणि मग अर्धा तास जक्कलचं डोकं कसं चालायचं, गाठ कशी मारायचे, फास कसा आवळायचे... आणि ज्यांचे जीव गेले ते? 'दहा निष्पाप बळी' म्हटलं की झालं, पुढे चला.

खरंतर हे प्रकरण ओळखलं जातं ते मारेकऱ्यांच्या नाही तर मेलेल्यांच्या नावाने. तरीपण आजच्या पोरांना जक्कल माहितीये, अभ्यंकर कोण हे विचारून बघा. काशिनाथशास्त्री अभ्यंकर म्हणजे संस्कृत व्याकरणातलं केवढं मोठं नाव! व्याकरणाचा कोश केला, वडील वासुदेवशास्त्रींनी पतंजलीचं महाभाष्य मराठीत आणलं त्याला प्रस्तावनेचा आख्खा खंड यांनी लिहिला. ऐंशी पार केलेल्या या माणसाला 1 डिसेंबर 1976 ला भांडारकर रोडवरच्या राहत्या घरात बायको, नात आणि नातवासकट मारलं.

त्याच रात्री, त्याच घरात, घरकाम करणाऱ्या सकूबाई वाघ पण गेल्या. प्रकरणाच्या नावात त्या नाहीत, का ते सांगायला नकोच. जानेवारी 76 मधे सगळ्यात आधी मारला गेला तो मुलगा तर या खुन्यांच्याच कॉलेजातला, ओळखीची पोरं म्हणून बरोबर गेला, तोही नावात नाही. मार्च 77 मधला शेवटचा तरुणही नाही, आणि त्याचा मृतदेह नदीत सापडला म्हणून तर तपासाला धागा मिळाला! जोशी कुटुंबाचं नाव आहे पण नवरा-बायको आणि त्यांचा कोवळा मुलगा, यापुढे कुणाला काय माहितीये?

आणि हे तरी बंगल्यातले, पेठेत-कॉलनीत ओळख असलेले लोक म्हणून एवढं तरी उरलं. मुंबईत रमण राघवने मारले ते फुटपाथवर आणि झोपड्यांत झोपणारे. त्याला 1968 मधे पोलीस अधिकारी रमाकांत कुलकर्णींच्या टीमने पकडलं हे सगळ्यांना पाठ, पण मेले किती? कुठे 23 वाचाल, कुठे 41. माणसं जिवंत असतानाच कुणी मोजत नव्हतं, मग मेल्यावर आकडा कुठून जुळणार!

काहीजण म्हणतील जाऊदे ना, घरच्यांना त्रास होतो, कशाला उकरता. मान्य, पण उकरणं तर चालूच आहे की, फक्त खुन्यांच्या बाजूने. त्या चौघांना 27 नोव्हेंबर 1983 ला येरवड्यात फाशी झाली, तो विषय तिथे संपला असं मला वाटतं, त्यांच्या 'मानसिकतेत' अजून काय शोधायचंय देव जाणे.

व्हिडिओ करणाऱ्यांनो, करा, पण गाठीचं वर्णन गाळलंत तर काही बिघडत नाही. आणि थंबनेलच लावायचं असेल तर शास्त्रीबुवांचा व्याकरणकोश अजून लायब्ररीत मिळतो, त्याचं मुखपृष्ठ लावा. व्ह्यूज कमी आले तर येऊदेत.