कान्होजींनी समुद्रात खडक पेरले नव्हते

सध्या एक मेसेज ग्रुपाग्रुपांतून फिरतोय. त्याचा सारांश असा: विजयदुर्गापासून शंभरेक किलोमीटरवर भर समुद्रात कान्होजी आंग्र्यांनी पाण्याखाली एक गुप्त बांध घातला, त्याचं नाव आंग्रिया. फिरंग्यांची जहाजं त्यावर आपटून फुटली. तिथे आजही होकायंत्र फिरतं. मुळात ते परशुरामाच्या काळातलं बुडालेलं बेट आहे आणि इंग्रजांनी हे सगळं दडपून ठेवलं. शेवटी अर्थातच, खरा मराठी असाल तर पुढे पाठवा.

मी मराठी आहे. पुढे पाठवला नाही.

आधी बांधाचं बघू. आंग्रिया बँक आहे, ही थाप नाही. विजयदुर्गच्या पश्चिमेला साधारण 105 किलोमीटरवर समुद्रतळातून उठलेलं ते एक पठार आहे. ढोबळ मानाने 40 किलोमीटर लांब, 15 किलोमीटर रुंद. म्हणजे मुंबई शहर आणि उपनगरं मिळून जेवढी जागा होते, जवळपास तेवढं. वर प्रवाळ आणि वाळू, कडेला शेकडो मीटर खोल पाणी. एवढं काम कुणी बांधलं म्हणणाऱ्याने आधी दगड कुठल्या खाणीतून आणले आणि कोणत्या गलबतांतून नेले ते सांगावं. विजयदुर्ग किल्ल्यालगत पाण्याखाली भिंत असल्याचं जे बोललं जातं, तो वेगळा विषय. ती किल्ल्याच्या पायाशी, हे पठार क्षितिजापलीकडे. मेसेज लिहिणाऱ्याने दोन्हींची खिचडी केली आहे.

आता जहाजं आपटण्याची गोष्ट. इथे मेसेज अगदी साध्या हिशोबात फसतो. आंग्रियाचा सर्वांत उथळ भागसुद्धा पाण्याखाली सुमारे 20 मीटर आहे, तांडेलाच्या भाषेत अकरा वाव. अठराव्या शतकातल्या मोठ्या युद्धनौकेचं बूड पाण्यात सहा मीटरच्या आसपास जायचं. ती या पठारावरून अख्खी गेली असती तरी वरच्या खलाशाला पत्ता लागला नसता. गंमत म्हणजे 20 मीटरची काळजी करायला लागावी इतकी खोल बुडं आत्ताच्या पूर्ण भरलेल्या महाकाय तेलवाहू जहाजांची असतात. त्यांच्यावर आंग्र्यांचा काही राग असल्याचं ऐकिवात नाही.

शिवाय आंग्र्यांना जहाज फोडून मिळणार काय होतं? त्यांचा सगळा कारभार दस्तकावर चालायचा. आमच्या किनाऱ्यावरून व्यापार करायचा तर आमचा परवाना घ्या, नाहीतर जहाज जप्त. जप्त जहाजातला माल, तोफा, दारूगोळा, खुद्द जहाज, सगळं कामाचं. ते तळाला गेलं तर हातात काय, फेस? 1735 च्या डिसेंबरात कान्होजींच्या मुलाने, संभाजी आंग्र्यांनी, ईस्ट इंडिया कंपनीचं डर्बी हे जहाज धरलं, ते मालासकट सुवर्णदुर्गाला नेलं. 1754 मध्ये कान्होजींच्याच दुसऱ्या मुलाच्या, तुळाजींच्या, आरमाराने डचांच्या तीन जहाजांची वाट लावली, तीही लढून. आंग्र्यांची पद्धत इंग्रजांनीच लिहून ठेवली आहे: वारा पडला की वल्ह्यांची गलबतं पुढे होऊन गुराबांना, म्हणजे तोफा असलेल्या मोठ्या शिडाच्या जहाजांना, ओढत न्यायची. मग मोठ्या जहाजाच्या पिछाडीला, जिथे त्याच्या तोफा कमी, तिथे गाठून त्याची डोलकाठी आणि शिडं फोडायची. पांगळं झालं की चढायचं. या मेसेजचा मला राग येतो तो इथे. वल्हं मारणाऱ्या त्या माणसांचं सगळं श्रेय तो एका खडकाला देऊन मोकळा होतो.

आणि खडकावरच भिस्त असती तर फेब्रुवारी 1756 चं काय करायचं? इंग्रज ॲडमिरल वॉटसनच्या युद्धनौका तेव्हा थेट विजयदुर्गाच्या खाडीत घुसल्या, क्लाइव्ह बरोबर होता, जमिनीवर पेशव्यांची फौज. तुळाजींचं आरमार तिथे जळून गेलं. वाईट आहे, पण घडलं तसं आहे.

होकायंत्राचं एका ओळीत: प्रवाळ म्हणजे मुख्यतः चुना, आणि चुन्याने सुई फिरत नाही.

बुडालेलं बेट हा मुद्दा मात्र पूर्ण टाकाऊ नाही, हे कबूल करायला हवं. सुमारे 20,000 वर्षांपूर्वी, शेवटच्या हिमयुगाच्या ऐन भरात, समुद्राची पातळी आजच्यापेक्षा जवळपास 120 मीटर खाली होती. म्हणजे हे पठार तेव्हा पाण्याबाहेर असणार. बर्फ वितळलं, पाणी चढलं, बेट गेलं. परशुरामाच्या कथेत मात्र उलटं होतं, तिथे समुद्र मागे हटतो आणि कोकण वर येतं. निदान पुराण तरी नीट वाचायचं. प्रवाळ तिथे टिकले कारण किनाऱ्यापासून इतक्या दूर खाड्यांचा गाळ पोचत नाही, पाणी नितळ राहतं आणि ऊन तळापर्यंत जातं. धोका म्हणाल तर आज तो जहाजांपेक्षा प्रवाळांनाच जास्त आहे. तळ खरवडणारी जाळी तिथे एकदा फिरली की शेकडो वर्षांची वाढ एका फेरीत साफ होते. आणि ही जागा 12 सागरी मैलांच्या हद्दीबाहेर असल्याने राज्य सरकारचा हातही सहज पोचत नाही.

राहिलं दडपण्याचं. आंग्रे या आडनावाचं आंग्रिया इंग्रजांच्या जिभेने केलं, आणि याच नावाने हे पठार सागरी नकाशांवर छापलेलं आहे. 2018 मध्ये मुंबई-गोवा क्रूझ निघाली तिचंही नाव आंग्रिया. संशोधक तिथे बुड्या मारून आलेत, फोटो आहेत. दडपायचंच असतं तर निदान नाव तरी दुसऱ्या कुणाचं दिलं असतं.