मागे वळून बघितलं, एवढाच गुन्हा

आज दादरला एका फिल्म सोसायटीच्या शोला गेले होते. 'लॉट इन सॉडम', 1933 चा, वॉटसन आणि वेबर या दोघा अमेरिकनांनी केलेला. जेमतेम अर्ध्या तासाचा. तेवढाही मागच्या रांगेला झेपला नाही. फिदीफिदी हसणं, मोबाइलचे उजेड, आणि दिवे लागताच एका काकांचा मोठ्याने सवाल, "कोणाला काही कळलं का?"

डोकंच फिरलं माझं.

बायबलमधली गोष्ट आहे, उत्पत्तीचा 19 वा अध्याय. सदोम हे शहर पापांपायी देव जाळणार, तिथल्या लोटाने (सिनेमातला लॉट तो हाच) बायकोमुलींना घेऊन निघायचं, मागे वळून बघायचं नाही. बायको बघते आणि मिठाचा खांब होते. तिला तिथे नावसुद्धा नाही! या सिनेमाच्या आदल्याच वर्षी आपल्याकडे प्रभातचा 'अयोध्येचा राजा' बोलू लागला होता, आणि हे दोघं जवळपास न बोलता, प्रतिमेवर प्रतिमा चढवत, देह, धूर, ज्वाळा एकमेकांत मिसळत गोष्ट सांगत होते.

पडद्यावर ती वळली आणि मला आई दिसली. लालबागची चाळ पुनर्विकासाला गेली तेव्हाची. टेम्पो सुरू झाला, बाबा म्हणाले, "आता मागे बघू नकोस गं." तिने बघितलं. गॅलरीतल्या दोरीवर कोणाचा तरी टॉवेल तसाच राहिला होता. हाका मारल्या तरी ओ देईना.

मान्य, अभिनय आज फार ताणलेला वाटतो. मुली बापाला दारू पाजून त्याच्यासोबत झोपतात, तो शेवटचा भागही पचत नाही, पण तो मूळ गोष्टीतच आहे. म्हणून हसायचं? प्रत्येक चित्राचा अर्थ कोणीतरी घास करून भरवायलाच हवा का? आईच्या त्या बघण्याचा अर्थ आम्हाला कोणी समजावला होता? टेम्पोत सगळे गप्प झालो होतो, बाबासुद्धा.

रागात लिहितेय, कळतंय मला. त्या काकांचंही कुठलं तरी घर मागे सुटलं असेल. मुंबईत कोणाचं सुटत नाही? कदाचित म्हणूनच बघवलं नसेल त्यांना.

पण जिथे संसार केला, मुली वाढवल्या, ते जळताना बाई वळून बघणारच. याला शिक्षा? आईला आम्ही कितीतरी दिवस "अगं, विसर आता" म्हणत होतो. का विसरायचं तिने?

सोसायटीवाल्यांनो, हा सिनेमा पुन्हा लावा. आधी भाषण नको, नंतर चर्चाही नको. मी आईला घेऊन येणार आहे आणि तिला गोष्ट आधी सांगणार नाही.