गाऊन जग बदलणारा पक्षी लिहायचाय? या, बसा

गेल्या आठवड्यात एका मित्रानं मोठ्या विश्वासानं स्वतःच्या कादंबरीची फाइल पाठवली. ४१२ पानं, आणि वर "निवांत वाच, फक्त रविवारपर्यंत सांग". कादंबरीत एक पक्षी आहे, निळा, सोनेरी तुऱ्याचा, आणि तो गायला की वास्तव बदलतं. किती वेळा गातो? ३७. मोजलंय मी, कारण विसाव्या वेळेनंतर दुसरं काही करण्यासारखं उरलंच नव्हतं. तर असाच पक्षी तुमच्याही डोक्यात घरटं करून बसला असेल (असणारच, हल्ली सगळ्यांच्याच बसतोय), तर ताज्या अनुभवातून काही टिपा देतो, फुकट.

नाव: स्वर, नील, गंध, पर्ण यातले कुठलेही दोन उचला आणि चिकटवा. झालं.

गाणं कसं आहे ते चुकूनही सांगू नका. पहिल्यांदा "स्वर्गीय" लिहा, मग "अलौकिक", मग "शब्दांत न मावणारं", की सुटलात. खऱ्या पक्ष्यांबद्दल तर वाचूच नका. त्यांचा आवाज निघतो तो सिरिंक्समधून, म्हणजे खाली जिथे श्वासनलिकेला दोन फाटे फुटतात तिथून, आणि कित्येक गाणारे पक्षी दोन्ही बाजू वेगवेगळ्या चालवून एकाच वेळी दोन सूर काढू शकतात. हे कळलं तर एका चोचीतून दोन सूर, दोन सुरांतून एकमेकांशी न पटणारी दोन वास्तवं, असलं काहीतरी सुचायची भीती असते. कशाला उगाच डोक्याला ताप.

गाणारी मादीच ठेवा. कुहू कुहू करणारा कोकीळ नर असतो, पण आपल्याला काय त्याचं.

आता सगळ्यात महत्त्वाचं, नियम ठेवू नका. जुन्या लोकांना ही अक्कल नव्हती. ग्रीकांच्या सायरन्स घ्या, गाऊन खलाशांना मरणाकडे ओढणाऱ्या, अर्ध्या पक्षी अर्ध्या बाया, पण त्यांचं गाणं कानात गेलं तरच चालायचं, म्हणून ओडिसिअस नावाच्या वीरानं खलाशांच्या कानात मेण भरलं आणि स्वतःला डोलकाठीला बांधून घेतलं. वेल्श दंतकथेत ऱ्हिआनन नावाच्या राणीचे तीन पक्षी लांब समुद्रावर गातात, तरी जवळच असल्यासारखे ऐकू येतात, आणि लढाईतून वाचलेले सात जण हार्लेख गावी ते ऐकत सात वर्षं मेजवानीला बसून राहतात. पण त्या कथेत लढाईत मेलेले मेलेलेच. बिच्चारे पक्षी, तेवढंही जमलं नाही त्यांना! आमच्या मित्राचा पक्षी बघा. पान २१४ वर नायिकेचा धाकटा भाऊ बुडतो, काठावर त्याची एक चप्पल राहते, आणि मी, खोटं कशाला सांगू, रडलो. पान २९० वर पक्षी गातो आणि भाऊ हजर, दोन्ही पायांत चपला. बरं, वास्तव बदललं म्हणजे तो कधी बुडलाच नाही, मग बुडल्याचं कुणाला आठवायलाच नको, बरोबर? गावातल्या कुणालाही आठवत नाही. नायिकेला मात्र आठवतं. का? तर तिचं प्रेम खरं आहे! आईचं खोटं होतं का मग? आणि ज्या पक्ष्याला मेलेला पोरगा परत आणता येतो तो पान ६० पासून व्हिलनच्या पिंजऱ्यात का बसलाय, गाऊन कुलूप का उडवत नाही? आणि मी पान २१४ वर जे रडलो त्याचं काय, ते कोण गाऊन परत देणार मला?

किंमत वगैरे तर नकोच. पक्ष्यानं गावं आणि फुकटात व्हावं.

हे वाचून कुणी म्हणेल, काल्पनिक आहे हो, एवढं काय. अरे पण खरे पक्षी गाऊन जग बदलतात की! आफ्रिकेतला दुभंगलेल्या शेपटीचा कोतवाल खोटी धोक्याची हाक देतो, मीरकॅट (मुंगसाच्या कुळातले छोटे प्राणी) तोंडातला किडा टाकून पळतात, हा तो उचलतो. पण तीच हाक पुन्हा पुन्हा दिली की ते फसायचे थांबतात, मग याला आवाज बदलावा लागतो, दुसऱ्यांच्या हाकांची नक्कल करावी लागते. मीरकॅटला कळतं, ४१२ पानांच्या लेखकाला कळत नाही! झेब्रा फिंच नावाचे चिमुकले पक्षी उकाडा वाढला की अंड्यांतल्या पिल्लांना ऐकवत विशिष्ट हाक देतात, आणि ती ऐकलेली पिल्लं उष्ण घरट्यात कमी वजनाची वाढतात, त्या उन्हाला सोयीची, हे २०१६ मधे प्रसिद्ध झालंय. गाणं अंगावर उमटतं. पण ऊन तसंच राहतं, फिंचच्या आईला ऊन बंद करता येत नाही.

आणि हवाईमधल्या काउआई बेटावरचा ओओ पक्षी. १९८७ मधे शेवटचा ऐकू आला, २०२३ मधे अमेरिकेनं नामशेष म्हणून जाहीर केला. शेवटी उरलेल्या नराचं रेकॉर्डिंग आहे. तो गातो, थांबतो, परत गातो. कोणी येत नाही. काही बदलत नाही. ते एकदा ऐक आणि मग लिही की पक्षी गायला आणि सगळं ठीक झालं. हो, तुलाच म्हणतोय, आता ते तुम्ही-बिम्ही पुरे. आळस आहे हा, दुसरं काही नाही. तुला मारायची हिंमत झाली आणि मेलेलं तसंच ठेवायची झाली नाही, म्हणून तुऱ्याचं खोडरबर आणलंस. ती चप्पल चांगली लिहिली होतीस रे. अख्ख्या फाइलमधे तेवढंच एक खरं पान होतं आणि तेच तू पुसलंस.

भाग दोन पाठवू नकोस मला.